नऊ बायका, एक चाचा आणि पेलिनचा कॅमेरा

आमच्या घरात तुर्कस्तान शिरले ते २०२० च्या रमजानमध्ये. टाळेबंदी होती, तरावीह घरातच होत होती, आणि ती आटोपली की अम्मी, दोन्ही भावजया आणि घरातली पोरे मोबाईलभोवती कोंडाळे करून 'एर्तुग्रुल' बघत बसायची. उर्दू बोलणारे तुर्क, घोडे, तंबू, तलवारी. तेव्हापासून अम्मींच्या लेखी तुर्कस्तान म्हणजे तंबूंचा देश. त्यांच्या आधीच्या पिढीला तो खिलाफतीचा देश होता. आज तिथली बाई शेतातून दमून घरी आल्यावर काय करते, म्हातारा माणूस फ्लॅटमध्ये एकटा कसा राहतो, हे या दोन्ही तुर्कस्तानांत कुठेच नव्हते.

गेल्या दिवाळीच्या सुट्टीत भाचा पुण्याहून आला आणि त्याने लॅपटॉपवर एक तुर्की चित्रपट लावला. पाच मिनिटांत अम्मी म्हणाल्या, "यात घोडे कुठे आहेत?" घोडे नव्हतेच. डोंगरातले एक गाव होते, डोक्याला रुमाल बांधलेल्या मध्यमवयीन बायका होत्या, शेतातली कामे होती. संवाद तुर्कीत, खाली इंग्रजी ओळी. भाचा त्या वाचून उर्दूत सांगत होता. अम्मी उठतील असे आम्हाला वाटले. त्या उठल्या नाहीत. मध्येच एकदा फक्त म्हणाल्या, "ही तर आपल्या रोशनखालासारखी बोलते."

तो चित्रपट होता 'ओयुन', २००५ सालचा. दिग्दर्शिका पेलिन एस्मेर. नंतरच्या काही महिन्यांत तिचे आणखी चित्रपट आम्ही मिळवून पाहिले, काही दोनदा पाहिले. तिच्याविषयी आपल्या वाचकांना सांगावे असे तेव्हापासून मनात होते.

पेलिन एस्मेरचा जन्म १९७२ चा, इस्तंबूलचा. तिथल्या बोआझिची विद्यापीठात तिने समाजशास्त्र शिकून घेतले, मग चित्रपटाच्या कार्यशाळेत गेली, सहायक म्हणून काम केले आणि पुढे स्वतःची 'सिनेफिल्म' नावाची छोटी निर्मिती संस्था काढली. तुर्कस्तानात मालिकांचा धंदा केवढा मोठा आहे हे आपल्याला माहीत आहेच. त्या मोठ्या बाजाराच्या कडेला राहून, काही वर्षांतून एखादा, पण स्वतःच्या मनासारखा चित्रपट काढणाऱ्यांपैकी ती एक. तिच्या कामाची खूण अशी की माहितीपट कुठे संपला आणि कथा कुठे सुरू झाली हे चटकन सांगता येत नाही. उर्दूत आपण हकीकत आणि अफसाना म्हणतो. पेलिनच्या घरात या दोघी सख्ख्या जावा आहेत, एकाच चुलीवर स्वयंपाक करतात.

'ओयुन' हा शब्द आधी पाहू, कारण आम्ही भाषा शिकवणारी माणसे, शब्दापाशी अडतोच. तुर्कीत ओयुन म्हणजे खेळ. मुलांचा खेळ तोही ओयुन आणि नाटक तेही ओयुन. मराठीत आपणही नाटकाचा खेळ लावतो, तमाशाचा खेळ असतो. चित्रपटातल्या बायका जे नाटक बसवतात त्याचे नाव 'कादनन फेर्यादी'. कादन म्हणजे बाई, आणि फेर्याद म्हणजे आपली फरियाद. हाच शब्द मराठीत आला आणि फिर्याद होऊन पोलीस ठाण्यात जाऊन बसला. तुर्कीत तो अजून आक्रोशच राहिला आहे. बाईचा आक्रोश म्हणा, बाईची फरियाद म्हणा.

गावाचे नाव आर्सलानक्यॉय. आर्सलान म्हणजे सिंह, क्यॉय म्हणजे गाव. अर्सलान नावाचा एक तरी मुलगा आपल्या वर्गात असतोच. दक्षिण तुर्कस्तानात, भूमध्य समुद्राच्या काठी मेर्सिन प्रांत आहे, त्याच्या मागे तोरोस पर्वताची रांग उभी राहते. गाव त्या डोंगरात. गावाच्या बायकांची एक जुनी कीर्ती आहे. १९४७ साली, म्हणजे आपल्याकडे स्वातंत्र्य आणि फाळणी घडत होती त्या वर्षी, गावच्या मुख्तारची, म्हणजे सरपंचाची, निवडणूक झाली. निकाल वरच्यांना पसंत नव्हता. मतपेटीवरून जेंडार्म पोलीस आणि गावकरी समोरासमोर आले तेव्हा बायका मतपेटीच्या आड उभ्या राहिल्या. गावकऱ्यांवर पुढे खटलाही चालला. चित्रपटातल्या बायका त्यांच्या मुली-सुना-नातींच्या पिढीतल्या.

या नऊ जणी. दिवसा शेतात राबायचे, घरी आल्यावर घरचे, आणि संध्याकाळी शाळेत जमायचे. तिथे शाळेचे मुख्याध्यापक हुसेनसाहेब त्यांच्या मदतीला. नाटक कोणते करायचे? कुणाचे तरी लिहिलेले छापील नाटक करायचे नाही असे ठरते. एकेकीने आपली हकीकत सांगायची आणि त्यातूनच नाटक उभे करायचे. मग त्या सांगू लागतात. लग्न कसे झाले, कुणी ठरवले, सासरी काय वाढून ठेवले होते, दारू पिऊन येणारा नवरा, मार, पोरे, काम, काम आणि काम. सांगताना हसतात फार. हे हसणे आम्हाला आधी कळले नाही. मग लक्षात आले की एकटीने आठवले तर जे रडू येते, तेच नऊ जणींत सांगितले की हसू येते. लग्नघरात मसाला निवडताना बायकांचे असेच चाललेले असते, आणि पुरुष आत आला की ते थांबते.

इथे ते थांबत नाही. नाटकात पुरुषही आहेत आणि ते याच बायका करणार. मिशा चिकटवल्या जातात, आवाज जाड केले जातात, छाती काढून चालण्याचा सराव होतो. आयुष्यभर ज्याची पावले दारात ओळखली त्याची चाल करून दाखवायला त्यांना कुठल्या शिक्षकाची गरज पडत नाही. भूमिका मात्र अदलाबदल होतात. एकीची हकीकत दुसरी जगते, आणि पहिली समोर बसून स्वतःलाच बघते.

पेलिन यात कुठे आहे? ती दिसत नाही. ती कॅमेऱ्यामागे आहे आणि घाई करत नाही. नवऱ्यांनाही ती बोलू देते. कुणी कौतुकाने बोलतो, कुणी हसण्यावारी नेतो, कुणाला हे प्रकरण पसंत नाही हे त्याच्या बसण्यावरून कळते. दुसऱ्या एखाद्या दिग्दर्शिकेने या पुरुषांना खलनायक केले असते, मागे ढोल वाजवले असते. तसे केले असते तर चित्रपट परदेशात आणखी चालला असता असे आम्हाला वाटते, कारण परदेशी प्रेक्षकाला रुमालवाली बाई आणि तिचा जुलमी नवरा हे चित्र तयारच हवे असते. पेलिन ते पुरवत नाही. या बायका बिचाऱ्या नाहीत. त्या भांडतात, एकमेकींची नक्कल करतात, संवाद विसरतात, रुसतात. तरीही चित्रपट दूर गेला. २००६ साली न्यूयॉर्कच्या ट्रायबेका महोत्सवात नवोदित माहितीपट दिग्दर्शकाचा पुरस्कार पेलिनला मिळाला.

शेवटी प्रयोग होतो. समोर ओळखीची माणसे आहेत. ज्याच्यावरून ही गोष्ट घेतली तोही असू शकतो. गावात सगळ्यांना सगळे ठाऊक असतेच. पण ठाऊक असणे वेगळे आणि समोर उभे राहून बोलून दाखवणे वेगळे. नाटक आहे म्हणून ते बोलता येते. 'हे माझे नाही, ही भूमिका आहे' असे म्हणता येते, आणि ते माझेच आहे हे प्रत्येकाला कळते.

इथे आम्हाला एक कबुली द्यायची आहे. हुसेनसाहेब त्या बायकांचे बोलणे ऐकून घेताना दिसतात तेव्हा आम्हाला आमचे काम आठवले. काही वर्षांपूर्वी सातवीच्या वर्गात 'माझे वडील' हा निबंध दिला होता. एका मुलीने लिहिले होते, 'रात्री अब्बा आले की आम्ही भावंडे झोपेचे सोंग घेतो.' पुढे चार ओळी होत्या, त्या इथे लिहीत नाही. मराठी तिची तिसरी भाषा. तरी एकही व्याकरणाची चूक नव्हती. आम्ही त्या ओळींखाली लाल रेघ ओढली आणि शेरा दिला, 'विषयाला धरून लिहा.' दुसऱ्या दिवशी वही आली. 'माझे वडील खूप कष्टाळू आहेत. ते आम्हाला बाजारातून खाऊ आणतात.' आम्ही तो निबंध वर्गात वाचून दाखवला आणि दहापैकी आठ गुण दिले. मुलगी खाली मान घालून बसली होती. आम्हाला तो लाजाळूपणा वाटला.

तिची अब्रू राखली, असेच तेव्हा आमचे म्हणणे होते. घरातली गोष्ट घरात राहावी. अजूनही वर्गापुढे ते वाचले नसते हे आम्ही बरोबरच मानतो. पण मधली एखादी वाट असेल, तिच्या ओळी तिच्यापाशी ठेवून तिला विचारता आले असते, हे आर्सलानक्यॉयचे मुख्याध्यापक पाहीपर्यंत सुचले नव्हते.

आता चाचांकडे वळू. 'ओयुन'च्या आधी, २००२ साली, पेलिनने एक लहान माहितीपट केला होता, 'कोलेक्सियोनजू', म्हणजे संग्राहक. त्यातला संग्राहक तिचा स्वतःचा चाचा, मिथात एस्मेर. मिथात म्हणजे उर्दूतला मिदहत. या चाचांना वस्तू जमवायचा नाद. नाद हा शब्दही कमी पडावा असा. वर्तमानपत्रे तर आहेतच, पण छोट्यामोठ्या असंख्य गोष्टी, सगळ्या नीट ठेवलेल्या, आणि त्या सगळ्यांत वाट काढत फिरणारा एक म्हातारा. जगाला तो पसारा. त्यांना ती शिस्त.

आमचे मरहूम अब्बाही 'इन्किलाब'चे गठ्ठे बांधून माळ्यावर ठेवत. वर्षवार, सुतळीने. त्यांच्या चाळिसाव्यानंतर आम्ही भावंडांनी ते रद्दीत घातले. किती रुपये आले ते आठवत नाही, पण रद्दीवाल्याला दोन फेऱ्या कराव्या लागल्या एवढे आठवते. त्यामुळे मिथातचाचा आम्ही पाहुण्यासारखे पाहू शकलो नाही.

माहितीपट झाला. चाचा जगाला दिसले. इथे दुसरी कुणी थांबली असती. पेलिनने सात वर्षांनी, २००९ साली, त्याच चाचांना घेऊन कथापट केला आणि त्यात मिथात एस्मेर यांनीच मिथातची भूमिका केली. वय ऐंशीच्या पुढे, आयुष्यात पहिल्यांदा अभिनय. चित्रपटाचे तुर्की नाव आहे 'ऑनबिरे ऑन काला'. घड्याळात वेळ सांगताना आपण म्हणतो ना, अकराला दहा कमी, अगदी तसेच.

गोष्ट अशी. इस्तंबूलमध्ये एम्नियेत नावाची जुनी इमारत आहे. एम्नियेत म्हणजे सुरक्षितता, अमानशी नाते असलेला शब्द. इमारतीतल्या लोकांना ती पाडून नवी बांधायची आहे, कारण भूकंपाची भीती. ही भीती खोटी नाही. १७ ऑगस्ट १९९९ ला इझमितच्या भूकंपात सरकारी आकड्यानुसारच १७ हजारांवर माणसे गेली, आणि इस्तंबूल तिथून फार लांब नाही. तेव्हापासून या शहरात इमारतीच्या भिंतीला तडा दिसला की लोकांची झोप उडते. शेजारी चुकीचे नाहीत. पण मिथातबेंना हलायचे नाही. एवढा संग्रह कुठे न्यायचा? आणि नेला तरी तो उरेल का? शेजाऱ्यांना जिवाची काळजी, यांना ज्यासाठी जगलो त्याची. मुंबईत, भिवंडीत, पुण्यात पुनर्विकासाच्या सभांना जे बसले आहेत त्यांना हे भांडण कुणी समजावून सांगायला नको. सही न करणारा एक म्हातारा प्रत्येक सोसायटीत असतो, आणि बाकीच्यांना वाटते की हा मेला तर काम होईल.

इमारतीचा कापुजू, म्हणजे दाराशी राहणारा, सगळ्यांची कामे करणारा माणूस, अली. तो गावाकडून आलेला आहे, बायको-मुलगी दूर. ही भूमिका नेजात इश्लेर या नावाजलेल्या नटाने केली आहे. मिथातबे त्याला कामाला लावतात, वर्तमानपत्रे आण, अमुक वस्तू शोध. इमारतीच्या चार भिंतींपलीकडे इस्तंबूल न पाहिलेला अली या म्हाताऱ्याच्या यादीमुळे शहर पालथे घालू लागतो. आणि त्या यादीत सर्वांत वर असतो एका कोशाचा अकरावा खंड.

या कोशाची कथा खरी आहे आणि ती चित्रपटाइतकीच ऐकण्यासारखी. रशाद एकरेम कोचू नावाच्या इतिहासकाराने १९४४ साली 'इस्तंबूल ज्ञानकोश' काढायला घेतला. एका शहराचा कोश. गल्ल्या, मशिदी, कारंजी, हमाल, भिश्ती, आगी, खून, कवी, वेडे, सगळे अक्षरवार. पैसे संपले, १९५१ ला काम ब अक्षरावरच थांबले. १९५८ ला पुन्हा पहिल्यापासून सुरू केले. १९७३ ला अकराव्या खंडात, ग अक्षरापाशी, कायमचे थांबले. दोन वर्षांनी कोचू वारले. सगळे शहर कागदावर उतरवू पाहणाऱ्या माणसाचे शहर ग वरच राहिले. त्या अपुऱ्या कोशाचा शेवटचा खंड शोधणारा म्हातारा, आणि तो ज्याला शोधायला पाठवला तो अली. मिथातबेंपाशी दहा आहेत, अकरावा नाही. चित्रपटाच्या नावातले दहा आणि अकरा म्हणजे घड्याळ की खंड, याचा विचार वाचकांनी पाहताना करावा. शेवट आम्ही सांगत नाही. त्यात अलीने जे केले त्याला चोरी म्हणावे की आणखी काही, यावर आमच्या घरात रात्री बारापर्यंत वाद झाला.

आता प्रश्न असा की चाचांवर माहितीपट झाल्यावर कथेची गरज काय होती? आम्हाला जे कळले ते असे. माहितीपट करणाऱ्याला जे घडते त्याची वाट पाहावी लागते. चाचा घरात वावरत आहेत, वर्तमानपत्रे जमवत आहेत, एवढेच कॅमेरा दाखवणार. पण हे सगळे गेले तर काय होईल, हा जो प्रश्न त्या घरात पाऊल टाकताच पाहणाऱ्याच्या मनात येतो, तो विचारायचा तर खऱ्या चाचाचे घर खरेच पाडायला हवे. ते कुणी करणार नाही, करूही नये. मग इमारत कथेतली घ्यायची, शेजारी कथेतले घ्यायचे, अली कथेतला घ्यायचा. चाचा मात्र खरेच ठेवायचे, कारण चाळीस-पन्नास वर्षे कागदांत वावरलेल्या माणसाचा एखाद्या जुन्या अंकावरून फिरणारा हात कुठल्या नटाला शिकवता येत नाही. नेजात इश्लेर उत्तम नट आहे. पण दोघे एका चौकटीत आले की नजर म्हाताऱ्याच्या हाताकडे जाते.

मनात शंका आलीच. स्वतःच्या चाचाला त्याच्या आयुष्यातली सर्वांत मोठी भीती कॅमेऱ्यापुढे करायला लावणे बरे का? आमच्या भावजयीचे म्हणणे, "आपल्याकडे कुणी असे केले तर खानदानात बोलणे बंद होईल." तिचे चूक नाही. पण हेही खरे की म्हाताऱ्याला घरात कुणी विचारत नाही, त्याचा पसारा हा फक्त झाडताना आठवतो, आणि इथे एक पुतणी सात वर्षांच्या अंतराने दोनदा येऊन म्हणते, चाचा, दाखवा ना.

मराठीत पडदा हा शब्द फार कामाचा आहे. नाटकाचा पडदा, चित्रपटाचा पडदा आणि आडोशाचाही पडदाच. तुर्कीतही पेर्दे म्हणजे खिडकीचा, रंगमंचाचा आणि चित्रपटाचा पडदा. पेलिन कधी तो वर करते आणि कधी खाली सोडते, हे पाहण्यासारखे आहे. तिचा २०१२ चा 'गोझेतलेमे कुलेसी', म्हणजे टेहळणीचा बुरूज, हा पूर्ण कथापट. जंगलातल्या आगीवर नजर ठेवायला बुरुजात एकटा राहणारा निहात, त्याच्या डोक्यावर एका अपघाताचे ओझे. आणि सेहेर, लांब पल्ल्याच्या बसमध्ये प्रवाशांची देखभाल करणारी मुलगी, जिला घरातल्याच माणसाने फसवले आहे आणि पोटात मूल आहे. पाहणे जड जाते, लहानांसोबत पाहू नये. पण असल्या मुली खऱ्या असतात, प्रत्येक देशात असतात. त्यातल्या एखादीला कॅमेऱ्यासमोर बसवून तिचे नाव-गाव दाखवले असते तर तिच्यावर तो दुसरा जुलूम झाला असता. इथे पेलिनने कथेचा पडदा सोडला. मुलगी नटी आहे, नाव खोटे आहे, आणि दुःख कुणाचे हे विचारायचे कारण उरत नाही. आर्सलानक्यॉयच्या बायकांनी मात्र स्वतःच बोलायचे ठरवले होते, पेलिन यायच्या आधीच त्यांचा खेळ सुरू झाला होता, म्हणून तिथे तिने पडदा वर ठेवला. आमची ती सातवीतली मुलगी यांच्या कुठेतरी मध्ये होती.

२०१७ चा 'इशे यारार बिर शेय', म्हणजे काहीतरी उपयोगाचे, हा आगगाडीतल्या प्रवासाचा सुंदर चित्रपट आहे. एक कवयित्री आणि एक परिचारिका होऊ घातलेली मुलगी यांची ती गोष्ट. आम्हाला आवडला, पण त्याविषयी इथे जास्त लिहीत नाही, तो वेगळ्या वाटेचा आहे. २०२५ मधल्या नव्या चित्रपटात तर सोके गावच्या हॉटेलात काम करणारी अलिये नावाची मुलगी शहरातून आलेल्या दिग्दर्शकालाच गोष्ट ऐकवू पाहते. तो आम्हाला अजून पाहायला मिळालेला नाही.

परत डोंगरात जाऊ, कारण पेलिनही परत गेली. आर्सलानक्यॉयच्या बायकांचे नाटक एका चित्रपटाने संपले नाही. त्यांच्यातल्या उम्मिये कोचाक, ज्यांच्यापासून हे सगळे सुरू झाले, त्यांनी पुढे नाटके लिहिली, आणि २०१२ साली 'यून बेबेक', लोकरीची बाहुली, हा चित्रपट स्वतः लिहून दिग्दर्शित केला. प्राथमिक शाळेपुढे न शिकलेली, शेतात काम करणारी बाई.

आणि २०१९ साली पेलिनचा 'क्रालिचे लिअर' आला. क्रालिचे म्हणजे राणी. 'ओयुन'ला चौदा वर्षे झालेली. त्यातल्या काही बायका आता पन्नाशी-साठीकडे आहेत, चेहऱ्यावर वय आले आहे, बोलणे मात्र तसेच. त्या तोरोसच्या आतल्या, अवघड वस्त्यांमध्ये नाटक घेऊन निघतात. नाटक शेक्सपियरचे, 'किंग लिअर', पण त्यांनी आपल्या भाषेत, आपल्या पद्धतीने वळवून घेतलेले. रस्ते कठीण, गावे छोटी. प्रत्येक गावात आधी गप्पा होतात, तुमच्याकडे पाण्याचे कसे, मुली शिकतात का, रस्ता कधी होणार, आणि मग खेळ. कधी वाटते हा प्रवासाचा माहितीपट आहे, कधी वाटते ही एक परीकथाच चालली आहे आणि या राण्या आपल्या राज्याची पाहणी करत आहेत.

पहिल्या खेपेला या बायकांना स्वतःची हकीकत सांगायला स्वतःचेच नाटक लागले होते. आता त्यांना चारशे वर्षांपूर्वीचा इंग्रजी राजा चालतो. ज्या गावात त्या जातात तिथे त्यांना कुणी ओळखत नाही, कुणाच्या नवऱ्याचा प्रश्न नाही. म्हाताऱ्या राजाच्या तोंडून त्या बोलतात आणि समोर बसलेले म्हातारे ऐकतात. डोंगरातल्या गावात जमीन आणि मुली म्हटले की कुठलीच गोष्ट परकी राहत नाही.

'क्रालिचे लिअर' पाहायच्या आदल्या रात्री आम्ही अम्मींना लिअरची गोष्ट सांगून ठेवली, म्हणजे भाच्याला मध्ये मध्ये थांबावे लागू नये. एक म्हातारा राजा असतो. त्याला तीन मुली. तो हयातीतच राज्याची वाटणी करायला बसतो आणि विचारतो, कोण माझ्यावर जास्त प्रेम करते? थोरल्या दोघी गोड बोलतात, हिस्सा घेतात. धाकटी म्हणते, मुलीने बापावर जेवढे करावे तेवढे. राजाला राग येतो, तो तिला काही देत नाही, हाकलून देतो. मग थोरल्या दोघी म्हाताऱ्याला दारात उभे करीत नाहीत, तो वादळात भटकतो, डोके फिरते.

अम्मी तांदूळ निवडत होत्या. त्यांनी ताट खाली ठेवले. "आणि धाकटीला? तिला शेवटी तिचा हिस्सा मिळाला का?"

नाही मिळाला, आम्ही म्हणालो. ती मरते.

"मग त्या बायकांनी ते तसेच ठेवलेय, की बदलले?"

उद्या पाहू, असे म्हणून आम्ही दिवा घालवला.